परतलेला राजमा

हॉस्पिटलातून बाबा घरी आले ते एकच शब्द घेऊन. बाकीचे सगळे तिकडेच राहिले. जन्मभर हॉटेलच्या भटारखान्यात ओरडून ओरडून ज्यांचा आवाज कायमचा बसला होता, त्यांच्याकडे आता फक्त ‘परत’ उरला होता. उजवा हात मांडीवर पाहुण्यासारखा पडून असायचा, डावा चालायचा, आणि दिवसातून कितीतरी वेळा, कधी चिडून, कधी अगदी लाडीगोडीनं ते म्हणायचे, “परत.”

ज्यानं त्यानं आपापल्या सोयीनं ऐकलं. सकाळी येणारी नर्स म्हणायची, “परत करू? बरं बाबा, परत करते,” आणि बिचारी पुसलेलाच चेहरा पुन्हा पुसायची. माझ्या नवऱ्याला वाटायचं, त्यांना टीव्हीवरचं आधीचं चॅनल हवंय. तो रिमोट घेऊन मागे मागे जात राहायचा. एकदा बातम्यांपासून निघाला तो थेट कुस्तीपर्यंत पोचला, आणि मग सासरे-जावई गपगुमान कुस्तीच बघत बसले. दादा, माझा मोठा भाऊ, दुसऱ्या शहरात राहतो. त्याला फोनवर ऐकवलं तर तो लगेच म्हणाला, “अगं, त्यांना परत जायचंय. स्वतःच्या घरी. बरे झालात की नेतो म्हणावं.” आणि माझी लेक गुंडी, जिला अजून एकही शब्द येत नव्हता, ती आजोबांनी ‘परत’ म्हटलं की खिदळून टाळ्या पिटायची. तिच्या लेखी तो खेळ होता आणि आजोबा त्यात पटाईत होते.

मला मात्र पहिल्याच दिवशी कळलं होतं. निदान मला तसं वाटलं होतं. परत म्हणजे परत! कढईत काय आहे ते परत, हात थांबवू नकोस. मला स्वयंपाक शिकवताना ते दुसरं काही बोलायचेच नाहीत.

घोडं अडलं होतं ते खाण्यापाशी. बाबा खात नव्हते. गिळायला शिकवणारी बाई आठवड्यातून एकदा यायची, गळ्यावर दोन बोटं ठेवून बघायची आणि म्हणायची, “येतंय की त्यांना गिळता. पातळ नको, ठसका लागेल. घट्ट, मऊ, एकसारखं द्या.” मी बटाटा दिला, गाजर दिलं, केळं घोटून दिलं. एकाच टेबलाशी, एकाच वेळी, दोन वाट्या. गुंडी तिची संपवून आजोबांच्या वाटीकडे हात करायची, आणि बाबा डाव्या हातानं आपली वाटी तिच्यापुढे सरकवायचे. बघणाऱ्याला मौज वाटली असती. मला नाही. एक तोंड खायला शिकत होतं आणि दुसरं विसरत होतं, आणि मधे मी, दोन्ही हातांत चमचे घेऊन.

अन्नासाठी नाकात घातलेली नळी बाबांनी हॉस्पिटलातच उपसून टाकली होती. पुन्हा घातली, पुन्हा काढली. शेवटी त्यांच्या चांगल्या हाताला जाड मोजा बांधून ठेवला. ज्या हातानं आयुष्यभर कढया हलवल्या, त्याची अशी उशी झालेली बघवायची नाही.

“आता नाकातून नको, सरळ पोटातून घालू,” डॉक्टर म्हणाले. डॉक्टर चांगले होते, खुर्ची ओढून बसून बोलायचे. “छोटंसं भोक असतं. तोंडानं खायला लागले तर प्रश्नच मिटला. सोमवारी या, मग ठरवू.”

दादा फोनवर तडकलाच. “सोमवार कशाला हवाय? घालून टाका. माणूस उपाशी मरेल तुझ्या घरात.”

“अरे, पण त्यांनी ती दोनदा उपटली.”

“तेव्हा शुद्ध तरी होती का धड? तुझी गुंडी इंजेक्शनला हात झटकते, म्हणून देत नाहीस का तू?”

मला एवढंच हवं होतं की सोमवारच्या आत बाबांनी खायला लागावं. मग नळी नाही, दादाशी भांडण नाही, आणि बाबाही आहेत. आणि खायला लावायचं तर दुसऱ्या कशानं नाही, त्यांच्याच राजम्यानं.

त्या राजम्याची एक गोष्ट आहे. बाबांच्या हॉटेलात एकदा मेक्सिकोहून एक आचारी आला होता. तो ज्याला त्याला ‘सेन्योर’ म्हणायचा. भटारखान्यात सगळ्यांना वाटलं, हा आपल्याला ‘सीनियर’ म्हणतोय. काही दिवस भांडी घासणारेसुद्धा मान ताठ करून फिरत होते. त्याच्या भाषेत ते नुसतं ‘साहेब’ आहे असा उलगडा झाल्यावर त्याचंच नाव सीनियर पडलं. या सीनियरनं बाबांना तिकडचा राजमा शिकवला: ठिपक्याठिपक्यांचा राजमा भिजवून लोण्यासारखा मऊ शिजवायचा आणि मग कांद्याबरोबर चरबीत घोटत घोटत परतायचा. हॉटेलच्या मेनूत त्याचं नाव ‘दोनदा परतलेला राजमा’ असं छापलं होतं आणि बाबांना त्याचा भयंकर राग.

“दोनदा नाही गं! त्यांच्या भाषेत ‘परतलेल्या’च्या आधी ‘रे’ जोडतात ना, त्याचा अर्थ पुन्हा असा नाही. नीट. मनापासून. एकदाच परतायचा, पण असा, की पुन्हा हात लावायला नको.”

मेनू कुणी बदलला नाही. पण सुट्टीच्या दिवशी बाबा घरी हा एकच पदार्थ करायचे. एरवी घरात पाणीसुद्धा उकळायचे नाहीत. आई म्हणायची, “न्हाव्याचे केस वाढलेले आणि आचाऱ्याची बायको उपाशी.” आई गेली त्या वर्षी त्यांनी मला शेजारी उभं केलं, उलथनं हातात दिलं आणि म्हणाले, “परत.”

शुक्रवारी संध्याकाळी मी राजमा भिजत घातला. शनिवारी गुंडी दुपारची झोपली तेव्हा तो शिजायला ठेवला, अर्धा कांदा आणि दोन लसणीच्या पाकळ्या टाकून. मीठ शेवटी. आधी घातलं तर दाणा हट्टाला पेटतो, असं बाबा म्हणायचे. दाणा जिभेनं टाळूवर दाबला की नुसता विरघळला पाहिजे, तोवर गॅस बंद करायचा नाही. शिजवलेलं पाणी टाकायचं नाही, बाजूला काढून ठेवायचं. सगळा जीव त्याच्यात.

गुंडी उठली. तिला चटईवर बसवून हातात लाकडी चमचा दिला. बाबांची चाकांची खुर्ची आमच्या स्वयंपाकघराच्या दारातून पूर्ण आत यायची नाही. मी ती दारातच अडकवली, ब्रेक लावला आणि जाड बुडाचा तवा तापत ठेवला. चरबी वितळली, कांदा पडला, आणि त्या चर्र आवाजाबरोबर बाबांची मान वर झाली. हॉस्पिटलपासून मी ती मान तशी वर झालेली बघितली नव्हती.

“कांदा झाला का हो, वस्ताद?” मी विचारलं. भटारखान्यात त्यांना सगळे वस्तादच म्हणायचे.

“परत.”

“परततेच आहे.”

“परत!”

“ओरडू नका, गिऱ्हाईक ऐकेल.”

बाबांच्या ओठाची डावी कड हलली. हसले ते. देवाशप्पथ हसले.

मग जिरं, मग राजमा, एकेक डाव, वर थोडं थोडं ते बाजूला ठेवलेलं पाणी. घोटायचं, परतायचं, पुन्हा पाणी. बाबांच्या घशात एक सालसुद्धा अडकायला नको म्हणून मी मधेच सगळं गाळणीवर घासून घेतलं. त्यांनी ते बघितलं आणि नाक मुरडलं. “ठाऊक आहे, पाप आहे. एवढ्या वेळेला माफ करा.” शेवटी असं झालं, की उलथनं ओढलं तर तव्याचं बूड क्षणभर दिसायचं आणि राजमा सावकाश त्याच्यावर मिटायचा. याच्यापुढे परतायचं नाही. वर थोडं चीज, दोन थेंब लिंबू.

पहिला चमचा त्यांनी घेतला. तोंड मिटलं, डोळे मिटले. मी त्यांच्या गळ्याकडे बघत राहिले. गळ्यातली ती गाठ वर गेली, थांबली, खाली आली.

मी तशीच दादाला फोन केला. “खाल्लं! दादा, खाल्लं त्यांनी!” पलीकडून नुसतं नाक ओढल्याचं ऐकू आलं.

दुसरा चमचा त्यांनी माझ्याकडे बघत घेतला. तिसऱ्याला ओठ उघडले नाहीत. डाव्या हाताच्या अंगठ्यानं त्यांनी वाटीची कड पुसली, सगळीकडून, सावकाश, आणि म्हणाले, “परत.”

मला वाटलं, कच्चा राहिला. मी वाटी तव्यात उलटी केली, पाणी घालून पुन्हा परतला. आणला. एक चमचा घेतला, ओठ मिटले. “परत.” मग मला वाटलं मीठ. मग वाटलं लिंबू जास्त झालं. रविवारी सकाळी नवीन कांदा घेऊन पहिल्यापासून केलं. दर खेपेला माझ्याकडे बघत एक चमचा, मग कडेवरून अंगठा, मग ‘परत’. नवरा म्हणाला, “अगं, चांगला लागतोय की.” मी म्हटलं, “तुला काय कळतंय, तू सॉस लावून भात खाणारा माणूस.” गुंडी मात्र खात होती. कानापर्यंत माखून घेऊन खात होती.

दुपारी कॅप्टन आले. कॅप्टन म्हणजे बाबांच्या हॉटेलातले जुने वाढपी. शेवटी शेवटी सगळ्या वाढप्यांचे प्रमुख झाले, म्हणून कॅप्टन. आता निवृत्त, पण बूट अजून आरशासारखे. येताना पाठ ताठ ठेवूनच दारात उभे राहिले.

“वस्ताद, ओळखलंत का? तुमच्यामुळे अर्धं आयुष्य शिव्या खाल्ल्या. उशिराबद्दल. चवीबद्दल कधी नाही, ते कबूल.”

बाबांनी डावा हात पुढे केला. कॅप्टननं तो दोन्ही हातांत धरला आणि बराच वेळ सोडला नाही. मग खुर्चीशेजारी स्टूल घेऊन बसले, हॉटेलात आता कोण आहे, कोण गेलं, सांगत राहिले. मी वाटी घेऊन आले. बाबांनी एक चमचा घेतला. अंगठा कडेवरून फिरला. “परत.”

मी वाटी उचलून स्वयंपाकघराकडे वळले.

“काय चाललंय तुझं, पोरी?” कॅप्टननं विचारलं.

“परतायला सांगतायत ना. कालपासून काहीतरी कमीच राहतंय माझं.”

“आण इकडे.” त्यांनी दुसरा चमचा मागितला, चाखलं आणि चमचा खाली ठेवला. मग म्हणाले, “काही कमी नाहीये.”

“मग?”

कॅप्टन माझ्याकडे बघेनात. बाबांकडे बघत म्हणाले, “आमच्याकडे भटारखान्यात या शब्दाचा एकच अर्थ होता, पोरी. बाहेरून ताट न खाता माघारी आलं, की मी खिडकीत ठेवायचो आणि एवढंच म्हणायचो. परत. बाकीचे चिडायचे. खारट होतं की थंड होतं, त्याला काय कळतंय, असं करायचे. वस्ताद कधी विचारायचे नाहीत. कड पुसायचे, झाकायचे, बाजूला ठेवायचे. म्हणायचे, खाणाऱ्याचं तोंड, त्याचा निकाल. अन्नाला राग नाही दाखवायचा आणि माणसालाही नाही.”

गुंडी चटईवर चमचा आपटत होती. मला तो आवाज एकदम सहन होईना.

“म्हणजे काय? उपाशी ठेवू मी त्यांना?”

“मी कुठं काय म्हणतोय?” कॅप्टन हळूच म्हणाले. “मी वाढपी माणूस. ताट नेणं-आणणं एवढंच माझं काम.”

ते गेल्यावर मी बाबांच्या खुर्चीपुढे जमिनीवर बसले. त्यांना हो-नाही विचारण्यात अर्थ नव्हता. त्यांची मान उलटीसुलटी हलायची. खिडकी उघडू का म्हटलं की मान ‘नाही’ म्हणायची आणि बोट खिडकीकडे जायचं. म्हणून मी काही विचारलं नाही. माझं बोट त्यांच्या पोटावर ठेवलं, जिथे डॉक्टरांनी दाखवलं होतं तिथे.

“इथून, बाबा. नळी. उद्या.”

बाबांनी खाली बघितलं. माझं बोट तिथून उचललं, अगदी अलगद, ताटाच्या कडेवरचा केस उचलावा तसं. आणि मग ते सोडलं नाही. मुठीत धरून बसले. माझा पदर ओढत गुंडी येऊन माझ्या मांडीवर चढली, तिला भूक लागली होती, मला उठायला हवं होतं. मी एका हातानं तिला धरून तशीच बसून राहिले. अन्नावरची वासना उडणं हे मी आजवर नुसतं बोलण्यात ऐकलं होतं. ती अशी समोर बसून, हात धरून, शांतपणे उडते हे माहीत नव्हतं.

संध्याकाळी दादा आला. बॅग दारातच टाकली. बाबांना बघितलं, पाया पडायला वाकला आणि तिथेच गुडघ्यांवर बसला. महिन्यात माणूस एवढा उतरतो, हे फोनवर दिसत नाही.

“कालपासून किती खाल्लं?”

“दहा-बारा चमचे असतील.”

“मग खातायत की! आण, मी भरवतो. तू थकलीयस.”

मी स्वयंपाकघरात गेले. वाटी गरम करून आणून दिली. दादानं कधी कुणाला भरवलेलं नव्हतं. चमचा शिगोशिग भरला, स्वतःचंच तोंड उघडून म्हणाला, “आ करा, बाबा.” बाबांनी आ केला. मुलगा इतक्या लांबून आला होता. तोंडात धरून ठेवलं, कितीतरी वेळ, आणि गिळताना त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं.

अंगठा कडेवरून फिरला. “परत.”

“ऐकलंस?” दादाचा चेहरा उजळला. “पुन्हा मागतायत!”

त्यानं चमचा पुढे केला. ओठ मिटलेले. “आ करा ना.” चमचा ओठांना टेकला. राजमा हनुवटीवर आला.

“दादा.”

“थांब जरा.”

“दादा, पुरे.”

“मग काय म्हणतायत ते? सांग की! परत परत करतायत, म्हणजे हवंच असणार ना?” तो ओरडला. गुंडी दचकून रडायला लागली. नवऱ्यानं तिला उचलून बाहेर नेलं.

“ताट परत करतायत,” मी म्हटलं. आणि कॅप्टन काय म्हणाले ते सांगितलं, बोटाचं सांगितलं. सांगताना माझा आवाज मला दुसऱ्या कुणाचा तरी वाटत होता.

दादा ऐकत राहिला. “तुला खात्री आहे?”

“नाही.”

“नाही?”

“शनिवारी मला वाटत होतं, ते परतायला सांगतायत. तेव्हाही अशीच खात्री होती.”

त्यानं खिशातून रुमाल काढून बाबांची हनुवटी पुसली. वाटीत बघितलं. सकाळपासून प्रवासात होता, पोटात काही नव्हतं. काय वाटलं कुणास ठाऊक, तोच चमचा त्यानं स्वतःच्या तोंडात घातला. मग दुसरा. डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि तो खात होता, लहानपणी मार खाल्ल्यावर जेवायला बसायचा तसा. बाबा त्याच्या तोंडाकडे बघत होते, घास चावला जातोय का, गिळला जातोय का. मी त्यांच्या गळ्याकडे बघायचे तसेच.

“मीठ बरोबर आहे,” दादा म्हणाला.

“हो.”

“हे तुला कधी शिकवलं?”

“आई गेली तेव्हा. तू नोकरीवर परतल्यावर.”

“मला नाही शिकवलं.”

“तू विचारलंस कधी?”

“तू विचारलं होतंस?”

“नाही,” मी म्हटलं. आणि आम्ही दोघं हसलो. ते हसणं फार वेळ टिकलं नाही.

त्यानं वाटी संपवली, सिंकपाशी गेला आणि ती धूत राहिला. चकचकीत झाली तरी नळ चालूच.

“उद्या डॉक्टरांशी मी बोलतो,” पाठमोराच म्हणाला.

“काय बोलशील?”

नळ बंद झाला. “सांगतो, वडील नको म्हणाले.”

बाबा त्या संध्याकाळी पुढे काही बोलले नाहीत. खुर्चीतच त्यांची मान एका बाजूला कलली आणि डोळा लागला. पलंगावर न्यायला आम्ही दोघांनी मिळून त्यांना उचललं, मी पायांकडून, तो खांद्यांकडून.

“सोड,” दादा कुजबुजला. “माझ्या एकट्याच्यानं होतंय.”

होत होतं, तेवढेच उरले होते ते. पण मी हात काढला नाही.